सहा ठिपक्यांचं ताट

मधल्या दिराने घर सोडलं, त्याच्या पुढच्या वर्षी धाकटी लग्न होऊन त्या घरात आली. साल कुठलं ते त्या घरातल्या कुणालाच सांगता आलं नसतं. भिंतीवर कॅलेंडर होतं, पण ते चित्रासाठी. सालं मोजायची ती माणसांवरून. ताईच्या लग्नाचं वर्ष, सासूच्या पायाला भाजलं ते वर्ष, आणि मधला गेला ते वर्ष. मधल्याला सगळे शिट्टी म्हणत, कारण तो झोपेत सोडून बाकी सगळा वेळ शिट्टी वाजवत असे. तो गेल्यापासून घर मुकं झालं असं सासू म्हणायची. धाकटीला मात्र पहिल्या दिवसापासून ते घर भलतंच बोलकं वाटलं.

बोलकं म्हणजे ओरडकं. सासरे पत्र्याची कामं करत. बादल्या, नरसाळी, धुराड्याच्या नळ्या, तेलाचे डबे. घराच्या पुढच्या खोलीत त्यांचं दुकान होतं आणि तिथे पहाटेपासून हातोडी चालायची. चाळीस वर्षं पत्रा ठोकून त्यांचे कान गेले होते. रस्त्यावरची पोरं त्यांना ठकठककाका म्हणत आणि ते त्यांना ऐकू जात नसे, म्हणून सगळ्यांचं बरं चाललं होतं. पण घरात काही सांगायचं तर छातीत वारा भरून सांगावं लागे. मीठ कमी आहे हे समोरच्या चांभारालाही कळे. अशा घरात गुपित राहायचं कसं? ज्याबद्दल ओरडता येत नाही, त्याबद्दल तिथे कुणी बोलतच नसे.

शिट्टीबद्दल तसंच होतं. तो का गेला ते धाकटीला तिच्या नवऱ्याने, म्हणजे शिट्टीच्या धाकट्या भावाने, लग्नानंतर दोन दिवसांनी मागच्या दारात हळूच सांगितलं. "बाबांना म्हणाला, ठोकून ठोकून तुमचे कान गेले, आता माझे घालवू नका. बाबांनी हातातली हातोडी खाली ठेवली आणि म्हणाले, मग जा. तो गेला."

"एवढंच?"

"एवढंच. बाबांना ऐकू गेलं हीच चूक झाली. एरवी त्यांना कुठे काय ऐकू जातं?"

त्या घराची एक रीत होती. खूप वर्षांपूर्वी दुधाचा एक कारखाना मोडीत निघाला, तेव्हा सासऱ्यांनी तिथल्या एका पिंपाचा जाड, चकचकीत पत्रा आणला. त्यातून मोजून सहा ताटं निघाली. घरात अक्षर कुणालाच येत नव्हतं, म्हणून त्यांनी पोगराने, म्हणजे टोकदार पोलादी खिळ्याने, ताटांच्या काठावर ठिपके ठोकले. एक ठिपका स्वतःचा, दोन सासूचे, तीन थोरल्या लेकीचे, म्हणजे ताईचे, चार शिट्टीचे आणि पाच धाकट्याचे. जो जसा घरात आला तसा त्याचा आकडा. सासू न बघता, काठावरून अंगठा फिरवून ताटं मांडायची. आणि जो जेवायला घरी नसेल त्याचं ताट त्याच्या जागी पालथं घालायचं. आला की त्याने स्वतःच्या हाताने सुलटं करायचं. दुसऱ्या कुणी ते करायचं नाही. ताईचं ताट ती सासरी गेल्यावरही फडताळात होतं. माहेरी आली की दारातूनच ओरडायची, "माझं पालथं आहे ना अजून? की विकलंत?"

सहाव्या ताटावर ठिपके नव्हते. ते दुकानातल्या वरच्या फळीवर वर्तमानपत्रात गुंडाळलेलं असायचं. धाकटी आली त्या संध्याकाळी सासऱ्यांनी ते खाली काढलं, बाहीने पुसलं आणि तिच्यासमोर धरलं.

"हे तुझं. सहा ठिपके. रविवारी ठोकतो."

तो बुधवार होता. धाकटीला माहेरी आठ जणांत पाच ताटल्या होत्या. ज्याच्या हाताला जी लागेल ती त्याची, आणि उशीर झाला तर पातेल्यातच जेवायचं. स्वतःचं म्हणावं असं ताट तिला कधी मिळालं नव्हतं. त्या चकचकीत पत्र्यात तिने आपलं तोंड पाहिलं आणि रविवारपर्यंतचे दिवस बोटांवर मोजले.

मधे शुक्रवार आला.

वरच्या मजल्यावर एक नर्स राहायची. तिशीतली विधवा, एकटी, कामापुरती बोलणारी. तिला सगळे नर्सबाई म्हणत. त्या शुक्रवारी ती खोली सोडून दुसऱ्या गावी निघाली होती. खाली टेम्पो उभा होता. सासू बाजारात गेली होती, पुरुष दोघं दुकानात. नर्सबाईने सकाळपासून काही खाल्लेलं नाही हे धाकटीला दिसलं आणि नव्या सुनेला दुसऱ्याचं पोट भरायचा जो उत्साह असतो तो तिला आला. भात होता, रस्सा होता, पण वाढायचं कशात? बाकीची ताटं ज्याची त्याची. टेबलाच्या कडेला एक ताट दोन दिवस पालथंच पडलेलं तिने पाहिलं होतं. त्यात कुणी जेवत नाही, तर ते जादाचं असणार. तिने ते उचललं, सुलटं केलं, गरम भात वाढला आणि वर नेऊन दिलं.

नर्सबाईने ताट दोन्ही हातांनी धरलं. तिचा अंगठा काठावर थांबला.

"हे ताट?"

"असू द्या हो. ते रिकामंच असतं."

"रिकामंच असतं," नर्सबाई म्हणाली आणि खाली मान घालून जेवायला बसली.

धाकटी खाली येऊन भांडी घासायला लागली. तासाभराने टेम्पो गेल्याचा आवाज आला. ताट परत आलं नाही हे तिच्या लक्षातसुद्धा आलं नाही.

संध्याकाळी सासूने ताटं मांडली. एक, दोन, पाच. अंगठा हवेतच राहिला. तिने टेबलाखाली पाहिलं, फडताळात पाहिलं, मोरीत पाहिलं.

"इथलं शिट्टीचं ताट कुठंय?"

"ते होय? नर्सबाईंना भात दिला त्यात. आणतील की…" असं म्हणता म्हणता धाकटीला टेम्पोचा आवाज आठवला. नर्सबाई आणणार कुठून? ती तर गेली.

सासू खुर्चीवर बसली. नवऱ्याने ताटाकडे पाहिलं तो मान वर करेना. सासऱ्यांनी तिघांची तोंडं पाहिली.

"काय झालं?"

सासू टेबलावरच्या रिकाम्या जागेवरून हात फिरवत राहिली.

"अरे काय झालं? माझ्यापर्यंत येऊ द्या की!"

नवरा तोंड उघडणार तेवढ्यात धाकटीच उठली. चूक आपली, तर ओरडायचंही आपणच. तिने दोन्ही हात टेबलावर टेकले आणि जिवाच्या आकांताने ओरडली, "बाबा! शिट्टीभावजींचं ताट मी देऊन टाकलं! नर्सबाई घेऊन गेली! मला माहीत नव्हतं!"

समोर चांभाराची हातोडी थांबली. सगळ्या रस्त्याने ऐकलं. सासऱ्यांनी आपलं ताट पुढे ओढलं.

"बरं," ते म्हणाले आणि जेवायला लागले.

रविवार आला. धाकटी सकाळपासून कान देऊन होती. दुकानात बादलीचं बूड ठोकल्याचा आवाज आला, डब्याचं झाकण बसवल्याचा आला. पोगराचा बारीक टकटक आवाज काही आला नाही. संध्याकाळी सासूने तिच्यासमोर जर्मनची, म्हणजे अ‍ॅल्युमिनियमची, एक ताटली ठेवली, काठाला पोचा आलेली. पाहुण्यांची. धाकटी त्यात जेवली. पुढच्या रविवारीही. त्याच्या पुढच्याही.

तिला कुणी टाकून बोललं नाही, की कुणी टोमणा मारला नाही. मारला असता तर तिने उलट उत्तर तरी दिलं असतं. सासू तिच्या केसांना तेल लावायची, बाळंतपणात तिने चाळीस दिवस धाकटीला पाण्यात हात घालू दिला नाही. सासरे नातवाला ऐरणीवर बसवून पत्र्याच्या गाड्या करून द्यायचे. पोरं झाली, त्यांना बाजारातल्या ताटल्या आल्या, त्या फुटल्या, दुसऱ्या आल्या. शिट्टीच्या जागी सासू आता एक झाकण पालथं घालायची. फक्त त्या सहाव्या ताटाचं नाव कुणी काढत नसे. ते वरच्या फळीवर कागदात तसंच होतं. दर वर्षी थंडीच्या सुरुवातीला सासरे जुना कागद काढून नवा गुंडाळायचे, तेवढीच काय ती त्याची चौकशी.

ताई आली की मात्र ती बोलायचीच. "काय गं, अजून जर्मनचीच? मला वाटलं चार पोरांची आई झाल्यावर तरी बढती मिळेल."

"तीनच झालीत ताई."

"मग एक राहिलं असेल. त्यानंतर मिळेल."

एकदा धाकटी नवऱ्यावर उखडली तेव्हा तो बिचारा म्हणाला, "माझ्या ताटात जेव ना. मी घेतो ती ताटली."

"मला तुमच्या पाचांतले अडीच नकोत," ती म्हणाली. "मला माझे सहा हवेत."

सातव्या वर्षी एका दुपारी सासरे मालाचे डबे पोचवायला गेले होते. धाकटी दुकान झाडायला गेली आणि झाडता झाडता तिची नजर फळीवर गेली. तिने स्टूल घेतलं. कागद सोडला. ताट ऐरणीवर ठेवलं. पोगर उचलला, हातोडी उचलली. सहाच ठोके. कुणाला कळणार? तिने काठावर पोगर टेकवला. सहा ठिपके पाडणं अवघड नव्हतं, पण ते दुसऱ्याने पाडायचे असतात, हे तिला त्याच क्षणी कळलं आणि तिचा हात वरच्या वर राहिला.

"पोगर उलटा धरलायस."

सासरे दारात उभे होते. धाकटीने हातोडी खाली ठेवली. त्यांनी आत येऊन तिच्या हातातून पोगर घेतला, सुलटा करून दाखवला आणि जागेवर ठेवला. मग ताट कागदात गुंडाळत, तिच्याकडे न बघता बोलायला लागले. ते हळू बोलले. ऐकू न येणारी माणसं मोठ्याने बोलतात, पण त्या दिवशी ते हळू बोलले.

"एकच उरलंय. पत्रा संपला, तो कारखानाही नाही आता. चार ठोकले तर तू म्हणशील, या घरात मी कोण? सहा ठोकले तर तुझ्या सासूला वाटेल, मी पोराला पुसून टाकलं. सात वर्षं झाली, मला ठरवता येत नाही."

इतकी वर्षं धाकटीला वाटत होतं की ती शिक्षा होती. शिक्षा असती तर सोपं झालं असतं. मग तिने श्वास घेतला आणि ओरडली, "चारच ठोका, बाबा! भावजींचं करा!"

समोरचा चांभार मान वर करून बघायला लागला. सासऱ्यांनी ताट फळीवर ठेवलं.

"ऐकू आलं नाही," ते म्हणाले, आणि झाडू तिच्या हातात देऊन आत निघून गेले.

त्यानंतर तिने त्या फळीकडे मान वर करून पाहिलं नाही. जर्मनच्या ताटलीला आणखी दोन पोचे आले. सासऱ्यांचे हात कापायला लागले. चहाचा कप बशीवर वाजायचा, फक्त त्यांना तो ऐकू येत नसे. बारीक काम नवरा बघू लागला.

शिट्टी गेल्याच्या बाराव्या वर्षी ताईच्या नवऱ्याचा पाय मोडला आणि त्याला दूरच्या मोठ्या दवाखान्यात न्यावं लागलं. ताई तिथे पंधरा दिवस होती. परत आली ती थेट माहेरी, आणि नेहमीसारखी दारातून ओरडली नाही. सासूच्या कानात काहीतरी कुजबुजली. त्या घरात कुजबुज म्हणजे मोठीच गोष्ट. सासू भिंतीला धरून खाली बसली आणि हसली का रडली ते धाकटीला समजलं नाही.

"काय झालं?" सासऱ्यांनी विचारलं.

"रविवारी पाहुणे आहेत!" ताई ओरडली.

रविवारी दुपारी ताटं मांडून झाली होती. रस्त्याच्या टोकाकडून शिट्टी ऐकू आली. सासूच्या हातातला डाव तसाच राहिला. ती शिट्टी न ऐकणारा घरात एकटाच माणूस होता, आणि तोच नेमका दाराकडे तोंड करून बसला होता. त्यामुळे बाकीच्यांना तो ऐकू आला आणि सासऱ्यांना तो दिसला.

डोक्याचे केस पिकलेले, पोट सुटलेलं, पण ओठ अजून शिट्टीच्याच आकाराचे. त्याच्या मागे एक बाई होती. हातात फडक्यात बांधलेलं काहीतरी. धाकटीने तिला ओळखलं.

नर्सबाईने फडकं सोडलं. आत ताट होतं. ताटात चार संत्री होती.

"भांडं परत द्यायला जरा उशीर झाला," ती म्हणाली.

धाकटीने अंगठा फिरवला. एक, दोन, तीन, चार.

मग सगळं बाहेर आलं. ताईला नर्सबाई त्या मोठ्या दवाखान्यात भेटली होती, तिथेच ती कामाला होती. शिट्टी घर सोडून गेला तो काही फक्त कानांसाठी नव्हे. वरच्या मजल्यावरची विधवा, वयाने चार वर्षांनी मोठी. घरात सांगायचं म्हणजे ओरडून सांगायचं, आणि रस्त्याने आधी ऐकायचं. तो आधी गेला, खोली शोधली, मग तिला बोलावलं.

"पत्र तरी टाकायचंस मेल्या!" सासू म्हणाली.

"वाचणार कोण? पोस्टमन वाचणार, बाबांना ऐकू जाईल असं वाचणार. मग आम्ही इथेच राहिलो असतो की!"

"अकरा वर्षं?"

शिट्टी पायातल्या चपलेकडे पाहत राहिला.

नर्सबाई धाकटीजवळ आली. "ठिपके हाताला लागले आणि मला कळलं, हे कुणाचं ते. याने मला ताटांचं सगळं सांगितलं होतं. परत द्यायला मी जिन्याच्या शेवटच्या पायरीपर्यंत आले होते. मग म्हटलं, ज्याचं त्याच्याकडेच तर चाललंय." ती थांबली. "तुला कुणी काही बोललं तर नाही ना त्यावरून?"

धाकटीने टेबलावरच्या आपल्या पोचे आलेल्या ताटलीकडे पाहिलं.

"नाही," ती म्हणाली. "कुणी काहीच बोललं नाही."

सासूने शिट्टीच्या जागेवरचं झाकण उचललं, तिथे ते ताट पालथं घातलं आणि बाजूला झाली. शिट्टी पुढे आला. त्याने ते सुलटं केलं. सासरे इतका वेळ बसल्या जागेवरून हलले नव्हते. ते उठले आणि दुकानात गेले. सासूचा चेहरा उतरला. तिला वाटलं, राग अजून गेला नाही.

दुकानातून स्टूल सरकवल्याचा आवाज आला. मग कागद फाडल्याचा.

मग टक.

धाकटी पाणी आणायच्या निमित्ताने भिंतीकडे तोंड करून उभी राहिली. टक. मधे बराच वेळ गेला. कापऱ्या हाताने पोगर धरायला वेळ लागत असणार. टक. टक. चार झाले. चौथ्यानंतर इतका वेळ गेला की तिला वाटलं, संपलं. तिच्या नवऱ्याचे ओठ हलत होते, तोही मोजत होता.

टक.

आणि मग मोठ्याने, हातोडी घसरल्यासारखा, ठक.

सासरे ताट घेऊन आले. पाच ठिपके ओळीत होते, जरा वाकडेतिकडे. सहावा ओळ सोडून आत सरकला होता, ताटाच्या तळाकडे, लांबट आणि खोल.

"घसरला," ते म्हणाले. "पुसता येत नाही."

"असू द्या, बाबा!" धाकटी ओरडली. तिने ताट दोन्ही हातांनी घेतलं.

"हिला?" सासूने नर्सबाईकडे बोट दाखवलं. "हिला कशात वाढू?"

"पत्रा संपला," सासरे म्हणाले.

"आम्हाला एकच पुरतं," नर्सबाई म्हणाली आणि शिट्टीच्या शेजारी बसली. ताई म्हणाली, "जर्मनची रिकामी झालीय, बढती हवी तर सांग," आणि सगळे हसले. सासऱ्यांनी विचारलं, काय झालं, काय झालं, म्हणून ते त्यांना ओरडून सांगावं लागलं. समोरचा चांभारही हसला.

त्या ताटावरून धाकटीने कधी ठिपके मोजले नाहीत. घसरलेला ठिपका अंगठ्याला लागला की ताट आपलं. ती आता म्हातारी झाली, पण त्यातच जेवते. घासताना त्या खोल ठिपक्यात राख अडकून बसते, ती काडीने काढावी लागते.

शिट्टी आणि नर्सबाई वर्षातून दोनदा येऊ लागले. सासू त्यानंतर नऊ वर्षं जगली आणि झोपेत गेली. सासरे तिच्या आधी गेले. शिट्टी परत आला त्याच्या तिसऱ्या वर्षी, पानं गळायच्या दिवसांत, एका बुधवारी, दुपारी साडेबाराला, दुकानात ऐरणीशेजारी बसल्या बसल्या ते वारले. आत ताटं मांडून झाली होती, एका ठिपक्याचंही, सुलटं.